निवडणुकीत पोलिसांनी गाडी घेतली तर: गोव्यातल्या वाहनमालकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

निवडणूक जाहीर झाली की पत्रादेवी, दोडामार्ग, केरी, मोले आणि पोळे इथल्या नाक्यांवर तपासणी वाढते. टॅक्सीस्टँडवर आणि खासगी बसवाल्यांकडे जिल्हाधिकारी कार्यालयातून माणसे यायला लागतात. त्या दिवसांत वाहनमालक, चालक आणि व्यापारी जे प्रश्न विचारतात, त्यांची उत्तरे इथे आहेत. कलमांचे आकडे मुद्दाम दिले आहेत. नाक्यावर उभे असताना "कुठल्या कलमाखाली?" एवढे विचारता आले, तरी पुष्कळ गोष्टी तिथेच सुटतात.

निवडणुकीच्या काळात पोलिसांना कोणतीही गाडी ताब्यात घेता येते का?

नाही. निवडणूक लागली म्हणून पोलिसांच्या हातात वेगळा सर्वाधिकार येत नाही. राज्यघटनेच्या कलम ३०० अ प्रमाणे कायद्याच्या आधाराशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येत नाही, आणि आचारसंहितेच्या काळातही ते कलम लागूच असते.

गाडी तीन वेगवेगळ्या रस्त्यांनी तुमच्या हातून जाऊ शकते. पहिला रस्ता अधिग्रहणाचा. सरकारला निवडणुकीच्या कामासाठी गाडी हवी असते, ती भाडे देऊन घेतली जाते आणि त्यात तुमचा काहीही गुन्हा नसतो. दुसरा जप्तीचा. गाडीचा एखाद्या गुन्ह्याशी संबंध असल्याचा संशय असतो. तिसरा मोटार वाहन कायद्याखाली अडकवून ठेवण्याचा, कारण परवाना, नोंदणी किंवा परमिट यांत खोट सापडलेली असते. प्रत्येक रस्त्याचा कागद वेगळा आणि गाडी सोडवायचे दारही वेगळे. लोकांचे आठवडे वाया जातात ते बहुतेक चुकीच्या दारात उभे राहिल्यामुळे. अधिग्रहण झालेल्या गाडीसाठी माणूस पोलीस स्टेशनच्या फेऱ्या मारतो आणि जप्त गाडीसाठी जिल्हाधिकारी कार्यालयात अर्ज देतो. म्हणून गाडी नेत असतील तेव्हा आधी ठरवा, हा यांपैकी कोणता प्रकार आहे.

निवडणूक ड्युटीसाठी माझी टॅक्सी, बस किंवा पिकअप घेण्याचा अधिकार कोणाला आहे?

लोकप्रतिनिधित्व अधिनियम १९५१, कलम १६०. हा अधिकार राज्य सरकारचा आहे. कलम १६६ खाली सरकार तो अधिकाऱ्यांकडे सोपवू शकते आणि प्रत्यक्षात तो जिल्हाधिकारी, म्हणजेच जिल्हा निवडणूक अधिकारी वापरतात. कामेही कायद्याने मोजून दिली आहेत: मतपेट्या केंद्रांवर नेणे-आणणे (आता मतदान यंत्रे), बंदोबस्ताच्या पोलिसांची वाहतूक, आणि निवडणुकीचे काम करणाऱ्या अधिकारी-कर्मचाऱ्यांची वाहतूक. या यादीत न बसणाऱ्या कामासाठी, समजा एखाद्या पाहुण्याला विमानतळावर सोडण्यासाठी, तुमची गाडी कलम १६० खाली घेता येत नाही.

कलमात वाहनासोबत "जलयान" हा शब्दही आहे. मांडवी आणि जुवारीकाठच्या होडी-लाँचवाल्यांनी तो लक्षात ठेवावा. वाहनाची व्याख्याही रुंद आहे: रस्त्यावर वाहतुकीला वापरता येईल असे कोणतेही वाहन. त्यामुळे "माझी गाडी खासगी नंबराची आहे, ती घेताच येत नाही" हा समज चुकीचा आहे. मागणी आधी बस, टॅक्सी, ट्रक यांची होते ती सोयीमुळे. खासगी गाडीला कायद्याने सूट दिलेली नाही.

हवालदाराने रस्त्यात थांबवून "इलेक्शन ड्युटी, गाडी पोलीस लाइनीत घाला" म्हटले. जायलाच हवे का?

लेखी आदेश असेल तर जायला हवे. कलम १६० पोटकलम (२) सांगते की अधिग्रहण लेखी आदेशानेच होते, तो आदेश गाडीच्या मालकाच्या किंवा ताबा असलेल्याच्या नावाने असतो आणि ठरलेल्या पद्धतीने बजावला जातो. निवडणूक संचालन नियम १९६१ प्रमाणे तो प्रत्यक्ष हातात देता येतो किंवा नोंदणीकृत टपालाने पाठवता येतो. माणूस सापडत नसेल तर घरातल्या प्रौढ व्यक्तीकडे देता येतो किंवा घरावर डकवता येतो.

पोलीस हा आदेश बजावू शकतात, पण आदेश काढणारे ते नव्हेत. म्हणून कागद हातात आला की चार गोष्टी पाहा: त्यावर कलम १६० चा उल्लेख आहे का, सही अधिकार सोपवलेल्या अधिकाऱ्याची आहे का, गाडीचा नंबर आणि मालकाचे नाव लिहिलेले आहे का, आणि कुठे, कधी हजर व्हायचे ते दिले आहे का. सगळ्यात जास्त गडबड होते ती कोऱ्या फॉर्ममध्ये. वर आधीच सही असते आणि नंबर नाक्यावर भरला जातो. असा फॉर्म म्हणजे रस्त्यात जी गाडी सापडेल ती घ्यायची मुभा, आणि मालकाच्या नावाने आदेश हवा या अटीशी ते जुळत नाही. तरीही तिथे हमरीतुमरीवर येऊ नका. आदेशाचा फोटो काढा, पोच देताना "नंबर माझ्यासमोर भरला" असे लिहून सही करा, आणि त्याच दिवशी जिल्हा निवडणूक अधिकाऱ्यांना लेखी कळवा.

कागदच नसेल तर नम्रपणे सांगा: आदेशाची प्रत द्या, मी येतो. कलम १६७ मध्ये एक वर्षापर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही अशी शिक्षा आहे, पण ती आदेश मोडल्याबद्दल. आदेश निघालाच नसेल तर मोडणार काय? मात्र आदेश खरा असताना गाडी लपवणे किंवा चाकाची हवा काढून "बंद आहे" म्हणणे अंगाशी येते. गाडी खरोखर दुरुस्तीला असेल तर गॅरेजची तारीखवार पावती घेऊन हजर व्हा.

लग्नाचे बुकिंग आहे, घरात डायलिसिसचा रुग्ण आहे, शाळेची मुले सोडायची असतात. सूट मिळते का?

या कारणांसाठी कायद्यात आपोआप सूट नाही. सूट दिलेली आहे ती एकालाच: उमेदवार किंवा त्याचा एजंट जी गाडी कायदेशीरपणे प्रचारात वापरतो आहे, ती मतदान संपेपर्यंत घेता येत नाही. बाकीच्यांनी अर्ज करावा. आदेश मिळाल्यावर लगेच, हजर व्हायच्या तारखेच्या आधी, पुरावा जोडून. रुग्ण असेल तर इस्पितळाचे कार्ड आणि डायलिसिसचे ठरलेले दिवस, शाळेचे काम असेल तर मुख्याध्यापकांचे पत्र, लग्न असेल तर बुकिंगची पावती. त्याच तारखेला चालेल अशी दुसरी गाडी नंबरासह सुचवली तर अर्ज मंजूर होण्याची शक्यता खूप वाढते. अधिकाऱ्याला गाड्यांची संख्या भरायची असते, तुमचीच हवी असा हट्ट क्वचितच असतो.

चालक म्हणून मलाही जबरदस्तीने नेता येते का?

कलम १६० वाहन, जलयान आणि प्राणी यांच्याबद्दल बोलते. चालक माणसाच्या अधिग्रहणाचा शब्द त्यात नाही. व्यवहारात गाडीबरोबर तिचाच चालक मागतात, आणि खरे सांगायचे तर मालकाच्या दृष्टीने ते बरेच असते, कारण परका माणूस तुमच्या गाडीचा क्लच जाळणार नाही याची हमी कोण देणार? पण जाण्याआधी चालकाचा भत्ता, जेवण, रात्रीची झोपण्याची सोय आणि डिझेल कोण भरणार हे लेखी विचारून घ्या. सलग अठरा-अठरा तास स्टिअरिंगवर बसायला सांगत असतील तर नकार द्या आणि तो लॉगबुकात लिहा.

गाडी किती दिवस ठेवू शकतात?

काम असेल तेवढेच दिवस. कलम १६० (३) मध्ये हे स्पष्ट आहे, आणि गोव्यासारख्या ठिकाणी हा मुद्दा फार कळीचा ठरतो. २०२२ च्या विधानसभेला मतदान १४ फेब्रुवारीला झाले आणि मतमोजणी १० मार्चला, मध्ये २४ दिवस. २०२४ च्या लोकसभेला मतदान ७ मे रोजी आणि मोजणी ४ जूनला, म्हणजे २८ दिवस. "मोजणीपर्यंत राहू दे" म्हणून गाडी आवारात उभी करून ठेवण्याचा अधिकार या कलमात नाही. मधल्या दिवसांत तिला नेमके काम नसेल तर तिला सोडायला हवे, आणि मोजणीला लागली तर नवा आदेश काढून बोलवायला हवे. हंगामात टॅक्सीवाल्याचा एक आठवडा म्हणजे त्याचा कर्जाचा हप्ता. तेव्हा मतदान संपल्याच्या दुसऱ्या दिवशी सुटकेचा अर्ज द्या आणि पोच घ्या.

भाडे किती आणि कसे मिळते?

कलम १६१ (२) प्रमाणे, त्या भागात अशा गाडीला जे भाडे किंवा दर चालू असेल त्याच्या आधारावर सरकार रक्कम ठरवते. म्हणजे मनाला येईल तो आकडा नव्हे. रक्कम पटली नाही तर ती ठरल्यापासून १४ दिवसांच्या आत लवादाकडे पाठवण्यासाठी अर्ज करता येतो. ही मुदत बहुतेकांना ठाऊक नसते आणि तिथेच पैसे बुडतात. गाडी हप्त्यावर खरेदी करारात असेल तर भरपाई मालक आणि ताबेदार यांच्यात सहमतीने वाटली जाते, सहमती नसेल तर लवाद ठरवतो.

बिल अडकते ते कागदामुळे. गाडी ताब्यात देताना किलोमीटरचा आकडा, डिझेलचा काटा, टायर आणि स्टेपनी, आधीचे ओरखडे या सगळ्याचे तारीख दिसेल असे फोटो काढा. रोज लॉगबुकावर ज्या अधिकाऱ्याने गाडी वापरली त्याची सही घ्या. नंतर घेऊ म्हटले की तो अधिकारी आपल्या खात्यात परत गेलेला असतो आणि मग सही मिळत नाही. गाडी परत घेताना कार्यमुक्तीची चिठ्ठी घ्या. मागणीला आदेशाची प्रत, लॉगबुक, कार्यमुक्ती, आरसी, पॅन आणि रद्द केलेला चेक जोडा.

ड्युटीवर असताना अपघात झाला तर जबाबदारी कोणाची?

सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये निवडणुकीसाठी अधिग्रहण केलेल्या गाडीच्या अपघाताच्या प्रकरणात सांगितले की त्या काळात गाडी मालकाच्या नियंत्रणात नसते, ती राज्याच्या नियंत्रणात असते, त्यामुळे नुकसानभरपाईची जबाबदारी राज्यावर येते. २०१४ मध्येही अधिग्रहण केलेल्या वाहनाबद्दल न्यायालयाने तीच भूमिका घेतली. म्हणून अधिग्रहण आदेशाची मूळ प्रत जपून ठेवा. अपघात न्यायाधिकरणापुढे गाडी कोणाच्या ताब्यात होती हे दाखवणारा तोच कागद असतो. तोंडी बोलावण्यावर गेलेला माणूस इथे अडचणीत येतो.

आता जप्तीबद्दल. नाक्यावर ५० हजारांपेक्षा जास्त रोकड सापडली तर गाडीही जाते का?

आधी एक गैरसमज काढूया. ५० हजारांपेक्षा जास्त रोकड बाळगू नये असा कायदा नाही. हा आकडा निवडणूक आयोगाच्या भरारी पथकांसाठी आणि स्थिर निगराणी पथकांसाठी असलेल्या कार्यपद्धतीतला आहे. त्यात म्हटले आहे की उमेदवार, त्याचा एजंट किंवा पक्षाचा कार्यकर्ता असलेल्या गाडीत ५० हजारांहून जास्त रोकड, किंवा १० हजारांहून जास्त किमतीच्या, मतदारांना आमिष म्हणून वापरल्या जाऊ शकतील अशा वस्तू सापडल्या तर त्या जप्त कराव्यात. १० लाखांहून जास्त रोकड सापडली, पण गुन्ह्याचा किंवा उमेदवाराशी संबंधाचा संशय नसेल, तर पथकाने ती जप्त न करता आयकर खात्याला कळवायचे असते.

तरीही प्रत्यक्षात मासळी, काजू, भाजी यांच्या व्यापाऱ्यांना त्रास होतो, कारण पहाटे बाजार उरकून रोख घेऊन निघालेल्या माणसाकडे बिल नसते. मडगावच्या घाऊक बाजारातून निघताना खरेदी-विक्रीची पट्टी, बँकेतून काढले असतील तर त्याची स्लिप, आणि धंद्याचा परवाना गाडीत ठेवा. हे तीन कागद दहा मिनिटांत काम करतात.

आणि रोकड जप्त झाली म्हणून गाडी आपोआप जप्त होत नाही. गाडी स्वतः गुन्ह्यात वापरली गेली असा संशय असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०६ खाली ती घेता येते. तसा संशय नसेल तर पैसे पंचनाम्यात जातात आणि गाडी तुमच्याकडे राहते.

जप्तीच्या वेळी काय मागावे?

निगराणी पथकाची तपासणी कार्यकारी दंडाधिकाऱ्याच्या उपस्थितीत व्हायला हवी आणि तिचे व्हिडिओ चित्रण व्हायला हवे. त्या चित्रणाची प्रत ३०० रुपये भरून जिल्हा निवडणूक कार्यालयाकडून मागता येते. याशिवाय १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या संहितेच्या कलम १०५ प्रमाणे पोलिसांनी झडती-जप्तीचे दृक्-श्राव्य चित्रण करून ते दंडाधिकाऱ्याकडे विनाविलंब पाठवायचे असते.

पंचनाम्याची प्रत मागा. त्यात गाडीचा नंबर, इंजिन आणि चासी क्रमांक, आतल्या वस्तू, वेळ, जागा आणि पंचांच्या सह्या असाव्यात. कोऱ्या जागा असलेल्या पानावर सही करू नका, रिकाम्या ओळीवर आडवी रेघ मारा. गाडीतली तुमची खासगी वस्तू, मुलांची दप्तरे, औषधे ही पंचनाम्यात लिहून तिथेच परत मागा. चावी काढून घेणे म्हणजे जप्ती नव्हे. जप्ती कागदावर होते.

"आचारसंहिता भंग" एवढेच कारण सांगून गाडी ठेवून घेतली. हे चालते का?

आचारसंहिता हा स्वतः दंडाची कलमे असलेला कायदा नाही. तिच्या भंगासोबत एखादा गुन्हा होत असेल, जसे लाच (भारतीय न्याय संहिता कलम १७०, शिक्षा कलम १७३ मध्ये) किंवा अधिकाऱ्याचा कायदेशीर आदेश मोडणे (कलम २२३), तर त्या कलमाचे नाव घ्यावे लागते. नाव न घेता ठेवलेली गाडी परत मागण्याचा तुमचा हक्क भक्कम आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ किंवा १२९ खाली शांतता राखण्याची किंवा चांगल्या वर्तनाची हमी घेतात ती माणसाकडून. त्या कारवाईत गाडी ठेवून घ्यायला आधार नाही.

जप्त गाडी लवकर कशी सोडवायची?

नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०६ (३) प्रमाणे पोलिसांनी जप्तीची माहिती दंडाधिकाऱ्याला तात्काळ द्यायची असते. याच पोटकलमात एक सोय आहे जी फार थोडे लोक मागतात: गाडी ठेवायला जागेची अडचण असेल किंवा तपासाला तिची गरज नसेल, तर पोलीस स्वतःच बंधपत्र घेऊन ती मालकाच्या ताब्यात देऊ शकतात. न्यायालय सांगेल तेव्हा गाडी हजर करीन, असे ते बंधपत्र असते. म्हणून पहिला लेखी अर्ज तपास अधिकाऱ्याकडे द्या. एक-दोन दिवसांत उत्तर नाही आले तर त्या हद्दीच्या प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जा. खटला सुरू झालेला नसेल तर कलम ५०३, न्यायालयासमोर मुद्देमाल आलेला असेल तर कलम ४९७.

सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये सांगून ठेवले आहे की वाहने पोलीस स्टेशनच्या आवारात दीर्घकाळ पडू देण्यात काही अर्थ नाही. फोटो, पंचनामा आणि योग्य हमी घेऊन दंडाधिकाऱ्याने ती लवकर सोडावीत. अर्जात या निकालाचा उल्लेख जरूर करा. गोव्यात तर एका पावसाळ्यात उघड्यावरच्या गाडीचे पत्रे गंजतात, वायरिंग उंदीर खातात, बॅटरी मरते. हेही अर्जात लिहा, ते खरे नुकसान आहे. अर्जासोबत आरसी, विमा, मालकाचे ओळखपत्र, जामीनदार आणि गाडी विकणार नाही, रंग-रूप बदलणार नाही असे प्रतिज्ञापत्र लागते. कर्ज असेल तर फायनान्स कंपनीचे नाव लपवू नका.

जप्त रोकड आणि मौल्यवान वस्तूंसाठी मात्र वेगळे दार आहे: जिल्ह्याची तीन सदस्यांची तक्रार समिती. गुन्हा नोंद नसेल आणि उमेदवाराशी संबंध नसेल तर समिती सुटकेचा आदेश देते. गुन्हा किंवा तक्रार दाखल झालेली नसेल तर मतदानानंतर ७ दिवसांपेक्षा जास्त काळ प्रकरण अडवून ठेवता येत नाही.

रेंट-अ-कॅब पर्यटकाला दिली, त्याने त्यात दारूचे खोके भरले. गाडी माझी आहे.

भाडेकरार, पर्यटकाच्या लायसन्सची आणि ओळखपत्राची प्रत, गाडी कधी दिली आणि कधी परत येणार होती याची नोंद हा तुमचा बचाव आहे. मतदान संपण्याच्या वेळेआधीच्या ४८ तासांत मतदान क्षेत्रात दारू विकणे, देणे किंवा वाटणे लोकप्रतिनिधित्व अधिनियमाच्या कलम १३५ क खाली गुन्हा आहे. अबकारी कायद्याखाली किंवा अमली पदार्थांच्या कायद्याखाली गाडी सरकारजमा करण्याचा मार्ग स्वतंत्र असतो, त्यात वेळ जातो आणि वकिलाची गरज पडते. अमली पदार्थांच्या प्रकरणातही गाडी अंतरिम सोडता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये स्पष्ट केले आहे. काळ्या पाटीवर पिवळी अक्षरे असलेल्या गाड्यांच्या मालकांनी निवडणुकीच्या महिन्यात करार कागदावर घ्यावा, फोनवरच्या बोलण्यावर गाडी सोडू नये.

परमिट, लायसन्स, विमा नाही म्हणून गाडी ठेवून घेतली तर?

मोटार वाहन कायदा कलम २०७. त्यातली कारणे मोजकी आहेत: लायसन्स नसणे, वयाची अट मोडणे, नोंदणी नसणे, परमिट नसणे, किंवा परमिटमधल्या मार्ग, क्षेत्र, उद्देश यांच्या अटी मोडणे. विमा संपलेला असेल तर दंड आहेच, पण त्या एका कारणावर कलम २०७ चालत नाही. सोडवण्यासाठी कागद घेऊन वाहतूक खात्याकडे किंवा अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याकडे अर्ज करायचा. खासगी पाटीची गाडी पक्षाला भाड्याने देणारे इथे सापडतात: भाडे घेतले की परमिट लागते.

मतदानाच्या दिवशी शेजारच्या आजींना माझ्या गाडीतून नेले तर?

लोकप्रतिनिधित्व अधिनियमाच्या कलम १२३ (५) चा रोख उमेदवार, त्याचा एजंट किंवा त्यांच्या संमतीने मतदारांना फुकट नेण्या-आणण्यावर आहे. त्याला कलम १३३ खाली तीन महिन्यांपर्यंत कैद आणि दंड आहे, आणि हा गुन्हा अदखलपात्र आहे, म्हणजे वॉरंटशिवाय अटक होत नाही. पक्षाचे स्टिकर नाही, चिठ्ठी वाटप नाही, कोणाच्या सांगण्यावरून फेऱ्या नाहीत, तर आजींना जरूर न्या. गाडी केंद्रापासून २०० मीटरच्या बाहेर थांबवा आणि पुढे हात धरून चालवत न्या.

प्रचाराच्या गाडीला काय लागते?

निर्वाचन अधिकाऱ्याची मूळ परवानगी पुढच्या काचेवर चिकटवलेली हवी. झेरॉक्स चालत नाही. गाडीचा खर्च उमेदवाराच्या हिशेबात धरला जातो. गोव्यात ही मर्यादा लोकसभेला ७५ लाख आणि विधानसभेला २८ लाख आहे. परवानगीशिवाय प्रचारात सापडलेली गाडी प्रचारातून लगेच बाहेर काढली जाते.

हे सगळे करूनही गाडी मिळाली नाही तर?

१९५० या हेल्पलाइनवर तक्रार नोंदवा आणि क्रमांक लिहून ठेवा. मग जिल्हा निवडणूक अधिकाऱ्यांना (उत्तर गोव्यासाठी पणजी, दक्षिण गोव्यासाठी मडगाव) लेखी कळवा आणि प्रत पोलीस अधीक्षकांना द्या. लेखी आदेशाशिवाय किंवा गुन्हा न सांगता गाडी अडवलेली असेल, तर पर्वरीला मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाकडे राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका करता येते. तिथे तुमच्याकडे तारखेसह पोच असलेले अर्ज असतील तर खंडपीठ पहिल्याच तारखेला सरकारकडून खुलासा मागू शकते. पंचायत किंवा पालिका निवडणूक असेल तर ती राज्य निवडणूक आयोग घेतो, त्यामुळे आदेशात कलम १६० चे नाव असेल तर तेच आधी लेखी दाखवून द्या: ते कलम लोकसभा आणि विधानसभेच्या निवडणुकांसाठी आहे.